नव्या गेमपॅडवर जुने गेम: बटणं बसवताना

गेमपॅडची तार संगणकाला लावली की विंडोज तो लगेच ओळखतं. सीडीवरून ड्रायव्हर चढवायचे दिवस गेले. पण पॅड ओळखला जाणं आणि त्या पॅडवर तीस-चाळीस वर्षांपूर्वीचा गेम हाताला पटेल असा खेळता येणं, यांत बरंच अंतर आहे. ‘इम्युलेटर (जुन्या कन्सोलचं सोंग घेणारं सॉफ्टवेअर) टाकला, गेम चालू झाला, पण पूर्वीची मजा येत नाही’ असं म्हणून कितीतरी जण लवकरच नाद सोडतात. मला वाटतं, त्यांतल्या बहुतेकांची मजा बटणांच्या जागेत अडकलेली असते. चित्र आणि आवाज इम्युलेटर जवळजवळ हुबेहूब देतो. हाताचं मात्र आपलं आपल्यालाच बघावं लागतं. ते मी कसं केलं, ते इथे लिहितेय.

माझी मांडणी साधी आहे. हॉलमधल्या टीव्हीला एचडीएमआयने जोडलेला विंडोजचा संगणक आणि त्यावर रेट्रोआर्च. रेट्रोआर्च हा स्वतः इम्युलेटर नाही, तो सांगाडा आहे. प्रत्येक कन्सोलसाठी त्यात वेगळा ‘कोअर’ घालायचा असतो. निन्टेन्डोच्या आठ बिटी कन्सोलसाठी मी एफसीईयूएमएम वापरते, सेगा मेगा ड्राइव्हसाठी जेनेसिस प्लस जीएक्स, निन्टेन्डो ६४ साठी म्युपेन आणि पहिल्या प्लेस्टेशनसाठी बीटल. मेगा ड्राइव्हचे गेम सेगाने स्टीम या ऑनलाइन दुकानात विकलेल्या संचातले आहेत. त्या संचाच्या फोल्डरमध्येच रॉम फाइली, म्हणजे कॅसेटमधल्या गेमच्या प्रती, होत्या, हे फार कमी जणांनी पाहिलं असेल. २०२४ च्या अखेरीस तो संच विक्रीतून काढला गेला. निन्टेन्डोच्या अस्सल कॅसेट न्यू जर्सीतल्या मामेभावाकडून आणवल्या आणि यूएसबीच्या कॅसेट रीडरने वाचून घेतल्या. पार्लरमधल्या आपल्या सगळ्यांच्या लाडक्या ‘मुस्तफा’ची मात्र सोय झाली नाही. त्याचं खरं नाव ‘कॅडिलॅक्स अँड डायनासॉर्स’, कॅपकॉम, १९९३. कॅपकॉमने २०१८ मध्ये जुन्या मारामारीच्या खेळांचा संच काढला, त्यातही तो नव्हता. तेव्हा पार्लरचे गेम बाजूला ठेवून फक्त घरच्या कन्सोलबद्दल बोलते.

पहिली अडचण मेन्यूतच येते. एक्सबॉक्स पद्धतीच्या पॅडवर ए दाबलं की रेट्रोआर्च मागे जातं आणि बी दाबलं की निवड होते. यात बिघाड कसलाच नाही. १९८३ च्या फॅमिकॉमवर (निन्टेन्डोच्या त्याच आठ बिटी कन्सोलचं जपानी नाव) उजव्या अंगठ्यासाठी दोनच बटणं होती, डावीकडे बी आणि उजवीकडे ए. त्याच्या पुढच्या, १९९० च्या सुपर फॅमिकॉमने चार बटणं पत्त्यांतल्या चौकटच्या आकारात मांडली: उजवीकडे ए, खाली बी, वर एक्स, डावीकडे वाय. मायक्रोसॉफ्टच्या पॅडवर तीच चार अक्षरं आहेत, पण खाली ए, उजवीकडे बी, डावीकडे एक्स आणि वर वाय. रेट्रोआर्चच्या आत ‘रेट्रोपॅड’ नावाचा एक काल्पनिक पॅड असतो, तो सुपर फॅमिकॉमवरून बेतलेला आहे. त्यामुळे तुमच्या हातातल्या पॅडवरची अक्षरं आणि पडद्यावर दिसणारी अक्षरं जुळत नाहीत. मेन्यूपुरता उपाय सेटिंगमध्ये आहे, निवड आणि रद्द या बटणांची अदलाबदल करता येते. पण त्याआधी मी एक सवय लावून घेतली: अक्षरांकडे बघायचंच नाही. वरचं, खालचं, डावं, उजवं एवढंच म्हणायचं. इथून पुढे मीही तसंच लिहिणार आहे. कोणत्याही कंपनीचा पॅड असला तरी ते लागू पडतं.

इम्युलेटरला हात लावण्याआधी पॅड नुसता तपासून घ्यावा. विंडोजच्या ‘रन’मध्ये जॉय डॉट सीपीएल टाइप केलं की एक छोटी खिडकी उघडते. त्यात प्रत्येक बटणाचा दिवा लागतो, स्टिक किती सरकली ते क्रॉसच्या खुणेवरून कळतं. एक्सबॉक्स पद्धतीच्या पॅडचे मागचे दोन ट्रिगर इथे एकाच पट्टीवर दिसतात आणि दोन्ही एकदम दाबले की एकमेकांना खोडतात. ते बघून पॅड परत करायला धावू नका. डायरेक्टइनपुट या जुन्या पद्धतीत ते तसंच दिसतं. एक्सबॉक्स ३६० बरोबर २००५ मध्ये आलेल्या एक्सइनपुट पद्धतीत दोन्ही ट्रिगर वेगळे मोजले जातात. म्हणून रेट्रोआर्चमध्ये कंट्रोलर ड्रायव्हर एक्सइनपुट ठेवलेला बरा. काही पॅडना मागे पद्धत बदलायचं बटण असतं, ते तपासून घ्या. आणखी एक गोष्ट: गेम विकत घेण्याचं एखादं सॉफ्टवेअर मागे चालू राहिलं तर तेही पॅडचा ताबा घेऊ शकतं. मग एका दाबात दोनदा हालचाल होते किंवा स्टिकने माउसचा बाण फिरायला लागतो. माझ्याकडे हे झालं. ते सॉफ्टवेअर पूर्ण बंद केल्यावरच पुढचं काम जमलं.

जुन्या गेमसाठी पॅडचा सर्वांत महत्त्वाचा भाग म्हणजे डावीकडचा दिशांचा क्रॉस, डी-पॅड. नवे गेम स्टिकवर खेळले जातात म्हणून बऱ्याच पॅडमध्ये डी-पॅडकडे फारसं लक्ष दिलेलं नसतं. मी आधी घेतलेल्या पॅडवर क्रॉसऐवजी गोल चकती होती. ‘टँक’ खेळताना सरळ डावीकडे जायचं तर रणगाडा मध्येच खाली वळायचा. कारण अंगठा जरा खाली सरकला की चकती डावं आणि खालचं अशी दोन्ही टोकं एकदम दाबत होती. ‘कॉन्ट्रा’त तर हे जिवावर बेततं, पळता पळता बंदूक तिरकी झाली की समोरची गोळी अंगावर आलीच. जॉय डॉट सीपीएलच्या खिडकीत हे स्पष्ट दिसतं. अंगठा डावीकडे दाबून ठेवायचा आणि हलकेच वर-खाली डोलवायचा. बाण लगेच तिरका होत असेल तर त्या पॅडवर आठ बिटी गेमचा नाद सोडावा.

१९८२ मध्ये गुनपेई योकोई यांनी गेम अँड वॉचच्या ‘डाँकी काँग’साठी जो क्रॉस केला, तो मध्यभागी एका टेकूवर डोलतो. डावी बाजू दाबली की उजवी आपोआप उचलली जाते, म्हणजे दोन विरुद्ध दिशा एकदम दाबताच येत नाहीत. तेव्हाचे बरेच गेम हे गृहीत धरून लिहिलेले आहेत. शेवटी मी अस्सल क्रॉस असलेला पॅड घेतला. त्याच्या प्रत्येक भुजेची कड अंगठ्याला जाणवते, आणि पडद्यावरून नजर न काढता आपण कुठे आहोत ते कळतं.

स्टिकवर डी-पॅडचं काम सोपवता येतं. रेट्रोआर्चमध्ये डावी स्टिक दिशांसाठी वापरायचा पर्याय आहे. पण फॅमिकॉमच्या पॅडमधून कन्सोलकडे जातात ते आठ होय-नाही: ए, बी, सिलेक्ट, स्टार्ट, वर, खाली, डावं, उजवं, याच क्रमाने, एकामागून एक. त्यात अर्धं डावं असं काही नसतं. स्टिकला मधलं अंतर कापावं लागतं आणि परत येताना पुन्हा कापावं लागतं. डी-पॅडने अंगठा दुखत असेल किंवा हाताला त्रास असेल तर स्टिक जरूर वापरावी. माझी पसंती क्रॉसला.

आता खरा गाभा. रेट्रोआर्चमध्ये बटणं दोन थरांत बसवलेली असतात आणि हे दोन थर वेगळे ओळखता आले की अर्धं काम झालं. पहिला थर तुमच्या पॅडपासून रेट्रोपॅडपर्यंत. हा सेटिंगमधल्या इनपुट विभागात असतो आणि बहुतेक ओळखीच्या पॅडसाठी आधीच भरलेला येतो. दुसरा थर रेट्रोपॅडपासून त्या-त्या कन्सोलपर्यंत. तो गेम चालू असताना क्विक मेन्यूतल्या कंट्रोल्समध्ये सापडतो. पहिल्या थरात एकच गोष्ट बघायची: पॅडचं खालचं बटण रेट्रोपॅडच्या खालच्या जागी, डावं डाव्या जागी बसलंय ना. बसलं असेल तर त्याला पुन्हा हात लावायचा नाही. मारिओची उडी गैरसोयीच्या बटणावर आहे म्हणून पहिल्या थरात बदल केला की मेन्यू, सेगा, प्लेस्टेशन सगळंच हलतं. गेमचा प्रश्न दुसऱ्या थरात सोडवायचा आणि तो ‘कोअर रिमॅप’ म्हणून जतन करायचा. मग प्रत्येक कन्सोलची मांडणी आपापली राहते.

पहिल्यांदा आठ बिटी निन्टेन्डो. एफसीईयूएमएममध्ये मुळात खालचं बटण म्हणजे बी आणि उजवं म्हणजे ए. कागदावर हे बरोबर दिसतं, बी डावीकडे, ए उजवीकडे. पण मारिओत बी दाबून ठेवून पळायचं असतं आणि बी न सोडता ए दाबून उडी मारायची असते. जुन्या रिमोटवर (आम्ही पॅडला रिमोटच म्हणायचो) हे कसं व्हायचं? अंगठ्याचं टोक बी वर, आणि उडी मारायची तेव्हा अंगठा नुसता आडवा करून पेराने ए दाबायचं. अंगठा उचलायचाच नाही. उजव्या हाताचा अंगठा पॅडवर ठेवून पाहा, तो उजवीकडून खालून डावीकडे वर असा तिरका पडतो. चौकटातलं डावं आणि खालचं बटण याच रेषेत येतात. खालचं आणि उजवं मात्र या रेषेला आडवी जातात, त्यासाठी मनगट वाकवावं लागतं. म्हणून मी बी डाव्या बटणावर आणि ए खालच्या बटणावर नेलं. निन्टेन्डोने स्वतःही १९९० मध्ये सुपर फॅमिकॉमच्या मारिओत पळणं डाव्या आणि उडी खालच्या बटणावरच ठेवली होती. एवढ्या एका बदलाने पहिल्या स्टेजमधल्या लांब उड्या पुन्हा जमायला लागल्या.

उरलेली दोन बटणं रिकामी ठेवायची गरज नाही. भारतात आमच्या पिढीने जो व्हिडिओ गेम खेळला, तो बहुतेकदा फॅमिकॉमची नक्कल असायचा, आणि त्याच्या रिमोटवर दोनऐवजी चार बटणं असायची. खाली बी आणि ए, त्यांच्या डोक्यावर टर्बो बी आणि टर्बो ए. टर्बो दाबून ठेवलं की बटण आपोआप भराभर दाबलं जायचं. एफसीईयूएमएममध्ये टर्बोची सोय आहे, कोअरच्या पर्यायांत ती चालू करायची आणि दोन टर्बोंमध्ये किती फ्रेमचं (म्हणजे पडद्यावरच्या किती चित्रांचं) अंतर हवं तेही ठरवायचं. जागा ठरवताना मी चार बटणांचा तो जुना चौकोन मनात घड्याळाच्या दिशेने पंचेचाळीस अंशांत फिरवला. डावीकडचं खालचं बी जातं डाव्या बटणावर, उजवीकडचं खालचं ए जातं खाली, टर्बो ए उजवीकडे आणि टर्बो बी वर. जुन्या रिमोटचा सगळा नकाशा नव्या पॅडवर जसाच्या तसा बसला. फक्त ‘कॉन्ट्रा’साठी वेगळं केलं. तिथे गोळीबार सतत हवा आणि उडी त्याच्या जोडीला, म्हणून टर्बो बी डाव्या बटणावर आणि साधं बी वर. ते ‘गेम रिमॅप’ म्हणून जतन केलं, त्यामुळे बाकीच्या गेमना धक्का लागत नाही.

बटणं जागेवर बसली तरी एक गोष्ट उरलीच होती. दिवाळीला बंगळूरहून धाकटा भाऊ आला, त्याच्या हातात पॅड दिला. थोडं खेळून तो म्हणाला, "ताई, हा एवढा पळतोय कशाला?"

"पळत कुठे? हाच मूळ वेग आहे. अमेरिकेत असाच चालायचा."

"आपल्याकडे नव्हता असा. गाणंसुद्धा घाईत वाजतंय बघ."

त्याचं म्हणणं खरं होतं. अमेरिका आणि जपानमधला टीव्ही एनटीएससी पद्धतीचा, म्हणून मूळ कन्सोल सेकंदाला जवळपास ६० फ्रेम काढतो. आपल्याकडचा टीव्ही पाल पद्धतीचा, ५० वर चालणारा. पाल देशांसाठीच्या नकली कन्सोलमध्ये जी चिप असायची ती चित्र ५० ने काढायची, पण प्रोसेसरचा वेग जवळजवळ मूळ कन्सोलइतकाच ठेवायची. परिणाम असा की गेम आणि गाणं दोन्ही संथ चालायचे, पण सुरांची उंची बदलायची नाही. रशियात अशाच एका कन्सोलचं नाव डेंडी होतं. एफसीईयूएमएममध्ये रीजन या पर्यायात एनटीएससी आणि पालबरोबर ‘डेंडी’ही आहे. तो निवडला, टीव्हीला जाणारा संकेतही ५० हर्ट्झवर आणला, कारण ६० वर ठेवला तर चित्र अडखळतं. भावाने पहिली स्टेज पडद्याकडे बघत, गप्पा मारत पार केली. लहानपणी ज्यांनी इथल्या कन्सोलवर हात बसवला त्यांनी हे एकदा नक्की करून बघावं. अंगठ्याला वेळेचाही अंदाज लागलेला असतो, आणि साठ फ्रेमला तो अंदाज एक पंचमांशाने चुकतो.

मेगा ड्राइव्हला फार वेळ लागला नाही. १९८८ च्या मूळ पॅडवर ए, बी, सी अशी तीन बटणं एका रांगेत होती. जेनेसिस प्लस जीएक्स ती डावं, खालचं, उजवं अशी कमानीत बसवतो आणि ते हाताला छान पटतं. ‘सॉनिक’मध्ये तर तिन्ही बटणांनी उडीच मारली जाते. ‘स्ट्रीट्स ऑफ रेज’मध्ये ए ने खास वार, बी ने मार, सी ने उडी, म्हणजे खालचं आणि उजवं सारखं लागतं आणि डावं कधीतरीच. इथे मी काहीही बदललं नाही. सहा बटणांचा पॅड १९९३ मध्ये आला, त्यातली वरची तीन बटणं कोअर चौकटाच्या वरच्या बटणावर आणि खांद्यावरच्या, म्हणजे पॅडच्या वरच्या कडेच्या, दोन बटणांवर टाकतो. मारामारीचे सहा बटणी गेम ज्यांना मनापासून खेळायचे आहेत त्यांनी खांद्यावर समाधान मानू नये. समोर सहा बटणं असलेले पॅड आजही नव्याने बनतात, तोच घ्यावा. काही जुन्या गेमना सहा बटणी पॅड कळत नाही, तेव्हा कोअरमध्ये पॅडचा प्रकार तीन बटणी करायचा.

निन्टेन्डो ६४ ला मात्र खरी मेहनत लागली, कारण त्याचा पॅड दुसऱ्या कुठल्याच पॅडसारखा नाही. तीन मुठी, मध्ये एकच स्टिक, मागे झेड, आणि उजवीकडे चार पिवळी सी बटणं. त्या स्टिकच्या भोवती अष्टकोनी खाच होती. सरळ आणि तिरक्या अशा आठ दिशांना स्टिक टेकली की ती पक्की तिथेच राहायची. आजच्या स्टिकभोवतीचं वर्तुळ गुळगुळीत, त्यामुळे नेमकं तिरकं जायला हाताला आधार मिळत नाही. शिवाय जुनी स्टिक संकेताच्या संपूर्ण पल्ल्यापर्यंत जातच नव्हती. पल्ला एका बाजूला १२७ चा असला तरी प्रत्यक्षात ती ऐंशीच्या आसपास थांबायची आणि गेम त्या आकड्यांवर बेतलेले होते. आपल्या स्टिकची संवेदनशीलता जास्त ठेवली की पात्र हळू चालतच नाही, उभं राहतं नाहीतर धावत सुटतं. म्युपेनच्या पर्यायांत संवेदनशीलता टक्क्यांत मिळते, मधला मृत भागही (स्टिकची जेवढी हालचाल धरलीच जात नाही तो) टक्क्यांत मिळतो.

मी आधी मृत भाग शून्यावर आणला आणि पॅड टेबलावर ठेवून दिला. पात्र आपोआप सरकतंय का ते बघायचं. सरकलं तर मृत भाग थोडा वाढवायचा, थांबेपर्यंत. त्याहून जास्त वाढवायचा नाही, कारण तेवढा हळू चालण्याचा भाग आपण गमावतो. मग संवेदनशीलता: पात्राला बोटाच्या अगदी हलक्या दाबाने चालवता आलं पाहिजे आणि स्टिक कडेला टेकली की ते पूर्ण वेगात धावलं पाहिजे. या दोन्ही गोष्टी एकत्र मिळेपर्यंत आकडा पुढेमागे करत राहायचा. ज्यांच्या पॅडमध्ये चुंबकावर चालणारे हॉल सेन्सर आहेत त्यांना मृत भाग फार लागत नाही, कारण त्यात घासून झिजणारं काही नसतं.

सी बटणं मुळात उजव्या स्टिकवर येतात. कॅमेरा फिरवायला ते ठीक आहे. पण ज्या गेममध्ये सी बटणांवर हत्यारं आणि वस्तू असतात तिथे स्टिकचा झटका पुरत नाही, बटण दाबल्याचा ठामपणा हवा असतो. म्युपेनमध्ये सी बटणं स्वतंत्र करायचा पर्याय आहे. तो चालू करून मी ए खाली, बी डावीकडे, सी-खालचं उजवीकडे आणि सी-डावं वर ठेवलं. उरलेली दोन उजव्या स्टिकवरच राहिली. झेड मागच्या डाव्या ट्रिगरवर. तर्जनी तिथेच असते, आणि मूळ पॅडवरही झेड तर्जनीनेच दाबायचे.

प्लेस्टेशन सगळ्यांत सोपा, कारण आजच्या जवळजवळ सगळ्या पॅडची मांडणी त्याच्याच ड्युअलशॉकची वारसदार आहे. फक्त १९९४ चा मूळ पॅड बिनस्टिकचा होता आणि ड्युअलशॉक १९९७ मध्ये आला, हे लक्षात ठेवायचं. कोअर सुरुवातीला बिनस्टिकचा पॅड धरून चालतो. स्टिक हवी तर कंट्रोल्समध्ये पॅडचा प्रकार ड्युअलशॉक करायचा. जुन्या गेमना स्टिक कळत नाही, त्यांच्यासाठी साधा प्रकारच ठेवायचा.

मग उशीर, म्हणजे बटण दाबणं आणि पडद्यावर ते घडणं यांतला वेळ. साठच्या वेगाने एक फ्रेम म्हणजे साधारण १६.६ मिलिसेकंद. सर्वांत मोठा वाटा बऱ्याचदा टीव्हीचा असतो, तेव्हा पहिलं काम गेम मोड चालू करायचं. दुसरं, पॅड तारेवर. मी फोनवर २४० फ्रेमच्या संथ चित्रणात अंगठा आणि पडदा एकत्र टिपून पाहिले. तार आणि पॅडबरोबरचा डोंगल यांत मला फरक सापडला नाही, ब्लूटूथवर उशीर कमीजास्त होत राहिला. उशीर स्थिर असेल तर हात जुळवून घेतो. तो बदलत राहिला की हाताला भरवसाच राहत नाही.

तिसरी गोष्ट रेट्रोआर्चची रन-अहेड ही सोय, २०१८ मध्ये आली. बऱ्याच गेममध्ये मुळातच एक-दोन फ्रेमचा उशीर असतो, अस्सल कन्सोलवरही. रन-अहेड तेवढ्या फ्रेम आधीच पुढे चालवून परिणाम लगेच दाखवतं. आकडा अंदाजाने टाकायचा नसतो. गेम कीबोर्डवरच्या पी ने थांबवायचा, पॅडवर उडीचं बटण दाबून ठेवायचं आणि के ने एकेक फ्रेम पुढे न्यायची. कितव्या फ्रेमला पात्र हललं ते मोजायचं आणि त्यातून एक वजा करायचा. तो आकडा रन-अहेडला द्यायचा. जास्त दिला तर हालचालीची पहिली चित्रं गळतात आणि पात्र टुणकन उडाल्यासारखं दिसतं. हा आकडा गेमगणिक वेगळा असतो, म्हणून तो सगळ्यांसाठी एकच ठेवू नये.

कीबोर्ड कपाटात ठेवायचा असेल तर शॉर्टकट हवेत. बटण एकट्याने दाबून गेम बंद होऊ नये म्हणून ‘हॉटकी एनेबल’ नावाचं एक राखीव बटण ठरवता येतं, ते धरून दुसरं दाबलं तरच काम होतं. सिलेक्टची निवड बहुतेक जण करतात. मी पॅडच्या मधलं होम बटण घेतलं, कारण सिलेक्ट खुद्द गेममध्ये लागतं. विंडोजच्या सेटिंगमध्ये होम दाबल्यावर गेम बार उघडण्याची सोय बंद करावी लागली. होम आणि स्टार्टने बाहेर, होम आणि उजव्या खांद्याने स्थिती जतन, डाव्याने परत. घरातल्या लहान मुलांनाही हे शिकवता येतं.

दोन जण खेळणार असतील तर पहिल्या आणि दुसऱ्या खेळाडूचा क्रम पॅड कुठला आधी जोडला त्यावर ठरतो. तो उलटा पडला तर इनपुटमधल्या पोर्ट १ आणि पोर्ट २ मध्ये डिव्हाइस इंडेक्स बदलायचा, तारा काढून परत लावत बसायची गरज नाही. रिमॅप करताना दुसऱ्या पोर्टचंही करायला हवं, ते पहिल्यावरून आपोआप येत नाही.

भाऊ परत जाताना म्हणाला, "मला पण हेच सगळं देशील का?" त्याच्या लॅपटॉपवर रेट्रोआर्च आणि तेच कोअर आधी टाकले. मग माझ्याकडच्या कॉन्फिग फोल्डरमधलं ‘रीमॅप्स’ फोल्डर पेनड्राइव्हवर घेऊन त्याच्याकडे ठेवलं. त्यात प्रत्येक कोअरच्या नावाचं एक फोल्डर आणि आत छोट्या फाइली असतात. त्याचा पॅड प्लेस्टेशनचा, अक्षरांऐवजी त्रिकोण-चौकोन असलेला. तरी आठ बिटी मारिओची उडी खाली आणि पळणं डावीकडे जसंच्या तसं आलं, कारण रिमॅपच्या फाइलीत माझ्या पॅडचं नावसुद्धा नसतं, फक्त रेट्रोपॅड असतो. कोअरचे पर्याय वेगळ्या फाइलीत असतात, त्यामुळे टर्बो आणि डेंडी त्याच्याकडे पुन्हा चालू करावे लागले. निन्टेन्डो ६४ चा मृत भागही नव्याने ठरवला. त्याच्या पॅडची डावी स्टिक बरीच वापरलेली आहे, टेबलावर ठेवला तरी पात्र हळूहळू उजवीकडे जात होतं. तेवढं थांबवलं आणि त्याने बॅग भरली.